पुसलेला प्रश्न

काष्टीच्या शाखेची फ्लॉपी एरवी कंडक्टर आणून द्यायचा. त्या शनिवारी नवा कंडक्टर नाही म्हणाला, म्हणून माळीवाडा स्टँडवर भीमराज स्वतःच उतरला.

"दीपा मॅडम तुमीच ना? निरोपवाल्या?"

मी लाजले. सहा महिने आम्ही एकमेकांना फक्त एकेका ओळीनं ओळखत होतो... आमच्या कॉम्प्युटर क्लासचा विहीर खोदायचा एक गेम होता. नगरची मुलं इथं खेळत, काष्टीची तिथं. शनिवारी मी दोन्हींची माहिती मोठ्या मशीनवर जुळवायची. एकाच खेळाडूच्या दोन नोंदी असल्या, तर प्रोग्राम नव्या तारखेची ठेवायचा, जुनी पुसायचा. जुळवलेली फ्लॉपी संध्याकाळी परत काष्टीला. प्रत्येकाच्या नावापुढं एक ओळ निरोपाची. भीमराज तिथं शिकवायचा. सत्त्याण्णव साली नगरात खोली घेऊन एकट्या राहणाऱ्या मला त्याची ती ओळ आठवडाभर पुरायची.

"पुढच्या शनिवारी एक विचारनार हाय," परतीच्या गाडीत चढताना तो म्हणाला. "गेममधीच. तोंडानं न्हाई जमायचं."

पुढच्या शनिवारी फ्लॉपी पुन्हा कंडक्टरच्या हाती आली, पण जुळवल्यावर त्याची जुनीच ओळ होती — 'आज लई ऊन.' त्याच्या पुढच्या शनिवारीही तीच. विचार बदलला असेल, मी मनाशी म्हटलं. डबा उघडायचे आणि तसाच झाकायचे.

तिसऱ्या शनिवारी राहवेना. जुळवायच्या आधीच मी फ्लॉपी उघडली.

'दोनदा विचारलं, दोनदा पुसलंत. कळलं. आता न्हाई विचारनार.'

त्या नोंदीची तारीख होती एक जानेवारी १९८०! तिथल्या मशीनच्या घड्याळाची बॅटरी संपली होती. त्याचं प्रत्येक नवं अक्षर प्रोग्रामला जुनं वाटत होतं, आणि मीच ते पुसून त्याला परत पाठवत होते. काष्टीच्या सगळ्याच मुलांच्या विहिरी अडल्या होत्या, पण मी बघायची त्याच्या एकट्याची ओळ.

बॅटरी विकत घेतली आणि काष्टीची एसटी पकडली.

"तुमी?" तो उठून उभा राहिला.

"मी नाही पुसलं. घड्याळानं घोळ केला." बॅटरी बसवली. मशीन सुरू होऊन तारीख विचारू लागलं. "थांबा, आधी प्रश्न सांगा."

"आता... तोंडानं?"

"व्हय. तोंडानं."

तो कीबोर्डकडं बघत पुटपुटला, "माझ्याशी लगीन कराल?"

"हो."

त्यानं कीबोर्डवरून नजर उचलली.

"हे... पुसलं न्हाई ना जानार?"

"आजची तारीख टाका," मी म्हटलं.