काचेवरची दोन अक्षरं

ही घटना कोणाला पटावी म्हणून मी सांगत नाहीये. पण ते गारठलेले फ्लास्क मी माझ्या या हातांनी धरलेत. त्यामुळे खोटं मात्र म्हणू नका.

मिलवॉकी. तीन वर्षांपूर्वीचा थँक्सगिव्हिंगचा गुरुवार.

आणि रात्र नाही हं... सकाळचे साडेदहा. बाहेर लख्ख ऊन होतं.

मी बर्नी वोझनियाक. विद्यापीठाच्या एका प्रयोगशाळेत बावीस वर्षं तंत्रज्ञ होते. आमचं काम म्हणजे पेशींना एका पावलावर आणणं. तशा त्या आपापल्या मर्जीने दुभंगतात, एक आत्ता तर दुसरी दहा तासांनी. मग अभ्यास कशाचा करणार, डोंबलाचा? म्हणून त्यांना एक औषध घालायचं. सगळ्या एकाच उंबरठ्यावर अडून राहतात. मग औषध तीनदा धुऊन काढायचं, की निघाल्या सगळ्या बरोबर.

यात एकच गोष्ट सांभाळायची. धुवायचं मीडियम, म्हणजे पेशी ज्यात वाढतात तो द्रव, कोमट हवं. फ्रिजमधली बाटली आधी अर्धा तास वॉटर बाथमध्ये, गरम पाण्याच्या टाकीत, ठेवायची. गार मीडियम लागलं की पेशी बिचकतात, त्यांचं पाऊल चुकतं आणि दोन दिवसांची मेहनत मातीत जाते.

आणि आमच्या प्रयोगशाळेच्या प्रमुखांचा, डॉक्टर ऑस्ट्रँडरांचा, एक नियम होता. ज्याने धुतलं, त्याने इनक्युबेटरच्या, म्हणजे पेशींच्या उबदार कपाटाच्या, काचेवर मार्करने वेळ आणि आपली दोन आद्याक्षरं लिहायची. वही नंतर, काच आधी. काचेवर ज्याचं नाव, जबाबदारी त्याची.

आता ग्वेनबद्दल सांगते.

ग्वेन हॅल्वर्सन माझ्या शेजारच्या टेबलावर काम करायची. मैत्रीण कसली, सख्ख्या बहिणीहून जवळची. डावखुरी, बडबडी. धुताना मात्र गप्प व्हायची आणि एकेक फ्लास्क, म्हणजे पेशींची चपटी बाटली, झाला की जिभेने टक् करायची. सहा फ्लास्क, सहा टक्.

त्याच्या दोन वर्षं आधीच्या थँक्सगिव्हिंगला पेशी धुवायची पाळी माझी होती. पेशींना कुठली सुट्टी कळतेय! आम्ही दोघी कामावर होतो. दहाच्या सुमारास फोन आला. शबॉयगनला, माझ्या माहेरी, माझी आई न्हाणीघरात पडली होती.

"अगं जा ना! उभी काय राहिलीस?" ग्वेन म्हणाली. "आई महत्त्वाची की ही बाटलीतली पिल्लं?"

"पाळी माझी आहे गं. मध्येच सोडून गेले कळलं तर डॉक्टर मला सोलून काढतील."

"कळतंय कशाला? मी धुते आणि काचेवर तुझी अक्षरं टाकते. नाताळात कोबीच्या पिरोग्या, तुझ्या त्या उकडलेल्या करंज्या, करून आण, म्हणजे फिट्टंफाट. पळ आता."

मी पळाले. देवासारखी धावून आली, असंच वाटलं मला.

त्या पेशी एका पावलावर चालल्या नाहीत. सहाच्या सहा फ्लास्क वाया गेले. काचेवर नाव माझं. डॉक्टरांनी विचारलं, "मीडियम कोमट केलं होतंस?" मी खाली मान घालून "हो" म्हणाले. दुसरं काय बोलणार? मी तिथे नव्हतेच, हे सांगितलं असतं तर ग्वेनही अडकली असती.

नंतर एकदा तिला हळूच विचारलं. "ग्वेन, कोमट केलं होतंस ना गं?"

तिच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं. "बर्नी! माझ्यावर संशय? मी तुझ्यासाठी एवढं केलं आणि..."

मीच तिची माफी मागितली! ऐकताय ना? मी मागितली.

माझं काम गेलं. मला काचसामान धुवायला बसवलं आणि माझ्या जागी ग्वेनला चढवलं. मला वाईट नाही वाटलं, खरंच. पुढे ती आजारी पडली तेव्हा रोज संध्याकाळी मी तिच्या घरी सूप घेऊन जायचे, तिचे केस विंचरायचे. शेवटच्या आठवड्यात ती माझ्याकडे बघतच नव्हती, भिंतीकडे तोंड करून पडायची. मला वाटलं, दुखत असेल.

मार्चमध्ये ती गेली.

नोव्हेंबरमध्ये डॉक्टरांनी मला बोलावलं. "डिसेंबरअखेर अनुदान आटतंय, बर्नी. एकाच तंत्रज्ञाला ठेवता येईल. पेशी एका पावलावर चालवून दाखव. जमलं तर जागा तुझी. नाहीतर... माझा नाइलाज आहे."

म्हणून त्या गुरुवारी मी एकटी तिथे होते. नोकरीही पणाला, नावही पणाला.

इमारत रिकामी होती. खालच्या पहारेकऱ्याच्या वहीत फक्त माझी सही. दहा वाजता मी मीडियमच्या दोन बाटल्या वॉटर बाथमध्ये ठेवल्या आणि त्याचं पत्र्याचं झाकण लावलं. ते लावताना आणि काढताना खणकन वाजतं. मग मी बाहेरच्या खोलीत येऊन नळ्यांवर नावं घालत बसले.

साडेदहाला डॉक्टरांचा फोन आला.

"काय म्हणतायत लेकरं?"

"अजून अडवलेलीच आहेत. अकराला धुते."

आणि तेवढ्यात...

आतल्या खोलीतून आवाज आला. फ्रिजचं दार उघडल्याचा. रबर सुटतं ना, तसा.

मग स्टीलवर काचेची बाटली ठेवल्याचा.

मग फ्लास्कमधला द्रव ओढून घेणारं सक्शन सुरू झालं... सुर्रर्र...

"अरे वा, सुरुवातच केलीस की!" डॉक्टर फोनवर म्हणाले. "ऐकू येतंय मला. चालू दे, चालू दे. दुपारी येतो." आणि फोन ठेवला.

माझ्या हातातून मार्कर गळून पडला.

सक्शन थांबलं. आणि मग...

टक्.

हा आवाज मी वीस वर्षं ऐकला होता.

टक्... टक्...

पाय जागचे हलेनात. सहा टक् झाले. पुन्हा सक्शन, पुन्हा सहा. तिसऱ्यांदा सक्शन, पुन्हा सहा. अगदी नीट, शिस्तीत. सगळे आवाज होते. धुताना जे जे वाजतं ते सगळं वाजलं.

एकच आवाज नव्हता.

वॉटर बाथचं झाकण काही वाजलं नाही. एकदाही नाही.

मग माझ्या डोक्यात लख्ख उजेड पडला. फ्रिजमधून बाटली थेट हूडखाली, जिथे पेशी धुतात तिथे. थँक्सगिव्हिंगचा गुरुवार, हीच वेळ... दोन वर्षांपूर्वी इथे काय झालं होतं, ते मला ऐकवलं जात होतं.

भीती वाटली, पण त्याहून जास्त राग आला. मी दार ढकलून आत गेले.

कोणी नव्हतं.

सक्शन बंद. फ्रिज बंद. हूडखाली बाटलीच्या बुडाची तीन ओली वर्तुळं. मी बोट लावलं... बर्फ.

इनक्युबेटर उघडला. आत सदतीस डिग्री. दोन दिवसांत मीडियम पिवळं पडतं, सकाळी मी ते पिवळंच बघितलं होतं. आता सहाही फ्लास्कमध्ये ताजं, गुलाबी मीडियम होतं.

एक फ्लास्क उचलला. बोटं बधिर झाली.

माझी शेवटची संधी. धुऊन झाली होती. गार मीडियमने.

मी ओरडले, अगदी मोठ्यांदा ओरडले.

"ग्वेन! तू होतीस! तू बाटली कोमट करायला विसरलीस आणि गप्प बसलीस! मी तुला सूप भरवत होते गं... तेव्हाही गप्प बसलीस!"

खोली शांत होती. पण ती रिकामी नव्हती. ते कळतं माणसाला.

मग मलाच वाटलं... आली आहे, म्हणजे सांगायला आली असेल. कबूल करायला. मेल्यावर तरी मन मोकळं करावंसं वाटलं असेल तिला. माझा आवाज मऊ झाला.

"हे बघ," मी म्हणाले, "मी विसरेन सगळं. नोकरी गेली खड्ड्यात. फक्त काचेवर लिही. आज तुझी अक्षरं लिही. जी. एच. एवढंच. डॉक्टरांनी एकदा बघू दे. मी पाठ करून उभी राहते, तुला लाज वाटायला नको."

इनक्युबेटरचं दार लावलं. काच कोरी होती. मी भिंतीकडे तोंड करून उभी राहिले.

बराच वेळ काहीच नाही.

मग... मार्करचं टोपण निघालं.

चुर्र... चुर्र... काचेवर मार्कर फिरत होता. माझ्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहत होतं. शेवटी मैत्रीण ती मैत्रीणच, असं मनात आलं. मी छातीवर क्रूसाची खूण केली. टोपण लागल्याचा आवाज आला.

मी वळले.

अकरा वाजता. बी. डब्ल्यू.

माझी अक्षरं. माझ्यासारखीच काढलेली. फक्त त्यांच्यावरून शाईचा एक फराटा होता, डावखुऱ्या माणसाचा तळवा लिहिता लिहिता फिरतो ना, तसा.

डॉक्टर दुपारी आले. काच बघितली. फ्लास्कमधलं ताजं मीडियम बघितलं. वॉटर बाथचं झाकण काढलं, तर आत कोमट मीडियमच्या दोन्ही बाटल्या गळ्यापर्यंत भरलेल्या, न वापरलेल्या.

"बर्नी, सुरुवात केलीस ते मी स्वतः ऐकलं फोनवर."

"डॉक्टर, ती ग्वेन होती. तेव्हाही तीच होती."

त्यांनी चष्मा काढला. रागावले असते तर बरं झालं असतं. "मेलेल्या बाईवर ढकलतेस? शेवटच्या दिवसांत मला म्हणाली होती, बर्नीकडून चूक झाली असेल, पण तिला सांभाळून घ्या. आणि तू..."

मला सांभाळून घ्या! हेही तिने करून ठेवलं होतं.

रात्री आठला सूक्ष्मदर्शकाखाली बघितलं. एकही पेशी दुसरीच्या पावलावर नव्हती.

आता मी एका बेकरीत आहे. पहाटे चारला कणीक मळते. त्यानंतरच्या दोन्ही थँक्सगिव्हिंगला माझ्या बोटांचे शेंडे सकाळी साडेदहाला बधिर झाले आणि अकरानंतर पूर्ववत झाले. माझा नवरा फ्रँक म्हणतो, रक्ताची तपासणी कर. केली, काही निघालं नाही. ती तिथे का आली, हेही मला आजवर कळलेलं नाही.

तिच्या थडग्यावर मी दर महिन्याला फुलं न्यायचे. त्यानंतर गेले नाही.

तिच्याकडे मार्कर होता. तिला वेळ होता. मी पाठ करून उभी होते. आता तर तिची नोकरी जाणार नव्हती, कोणी ओरडणार नव्हतं.

तरीही तिने माझंच नाव लिहिलं.