या ना जेवायला

मंगळवारी सकाळी इन्शिराहला बाजारातून मुलूखियाच्या पाल्याच्या आठ जुड्या तेवढ्या आणायच्या होत्या. एरवी अर्ध्या तासाचं काम. पण आज तिच्यामागे नऊ परदेशी पाहुणे होते, त्यामुळे भाजीवाल्यांपर्यंत पोचायलाच तास गेला. एकीला गाढवाचा फोटो हवा, दुसरीला मिरचीच्या ढिगात हात घालायचा, आणि टोपीवाल्या उंच गृहस्थाने जुन्या खारवलेल्या चीजच्या माठात नाक घातलं नि असा मागे उडाला की मागच्या बाईच्या टोपलीतली कोंबडी सुटली. सगळा बाजार हसला. इन्शिराहसुद्धा पोट धरून हसली. तिला आज सगळंच आवडत होतं.

"काय गं बये, हे लग्नाचं वऱ्हाड कुठून आणलंस?" चीजवाला हमदान म्हणाला.

"तुझ्याच लग्नाचं आहे. नवरी तेवढी मिळत नाहीये."

इन्शिराह सत्तेचाळीस वर्षांची. शाळा चौथीपर्यंत, आवाज नदीपलीकडे जाईल असा. वीस वर्षं तिने दुसऱ्याच्या शेतात कांदे उपटले होते. तिच्या बहिणीची मुलगी तहानी लुक्सरला शिकून गाईड झाली, आणि दोघींनी डोकं लावून ही सहल जुळवली. सकाळी मंगळवारचा बाजार, मग गावाबाहेरचं पडकं देऊळ, मग मावशीच्या घरी जेवण. आज पहिलीच खेप. लुक्सरच्या हॉटेलातला वहीब नावाचा माणूस पारखायला बरोबर आला होता. त्याला पटलं तर दर मंगळवारी पाहुणे येणार. नाही पटलं तर परत कांदे. इन्शिराहने पहाटे तीनला उठून चार बदकं भाजली होती, उन्हात फुगवायच्या गोल भाकऱ्या आदल्या दुपारीच भट्टीतून काढल्या होत्या, आणि अंगणाची फरशी दोनदा घासली होती.

देवळाची युक्तीसुद्धा तिचीच. पडक्या खांबांच्या सावलीत पाहुण्यांना बसवायचं आणि त्यांच्याकडून मुलूखियाची पानं खुडून घ्यायची. तहानी म्हणाली होती, "मावशी, लोक पाहायला येतात, राबायला नाही." पण नऊच्या नऊ जण मांडीवर पाला घेऊन असे रमले की वहीबने आपणहून एक जुडी ओढून घेतली. इन्शिराहने तहानीकडे बघून भुवया उडवल्या.

देवळाच्या अंगणात एक दगडी माणूस बसलेला आहे. मुंडकं नाही. मांडीवर एक तळवा उताणा, काही मागितल्यासारखा, आणि गुडघ्यांवरून खाली अक्षरंच अक्षरं. तहानीने त्यावर बोट फिरवत वाचून दाखवलं, आधी पाहुण्यांच्या भाषेत, मग मावशीसाठी आपल्या.

"म्हणतो, वाटेने जाणाऱ्यांनो, हातात काही नसेल तर नुसतं तोंडाने द्या. तोंडच्या वाऱ्याला काही पडत नाही. म्हणा, याला हजार भाकरी, हजार घागरी, हजार बदकं."

"किती वर्षं मागतोय?"

"तीन हजार तरी झाली असतील."

इन्शिराहला गलबलून आलं. भुकेचं तिला ठाऊक होतं. आणि हातात अन्न असताना कुणी समोर दिसलं की त्यांच्या गावातली बाई जे म्हणते, तेच ती म्हणाली. रस्त्याने जाणाऱ्या बसला म्हणतात, भर नदीतल्या नावाड्याला म्हणतात. "या ना आमच्याकडे जेवायला. हजार वेळा या. घर तुमचंच आहे."

म्हणायचं असतं हो. कुणी येत नाही. समोरच्याने छातीला हात लावून म्हणायचं, 'तुमचं भरलेलं राहो', की दोघंही मोकळे. इन्शिराह सवयीने क्षणभर थांबली, तेवढं ऐकायला.

कुणीच काही म्हणालं नाही.

देवळाचा राखणदार अब्दुल-मौजूद खांबामागे झाडत होता. त्याचा झाडू थांबला. तो जवळ आला आणि सगळं गाव मारतं त्याच हाकेने, नवारची आई म्हणून, हळू आवाजात म्हणाला, "उम्म नवार, तुझ्या तोंडाला कडी नाही का? इथे आम्ही कुणाला 'या' म्हणत नाही."

"दगड आहे तो, बाबा."

"दगड आहे ना? मग त्याच्याकडून 'नको' म्हणवून घे." त्याने तिच्या मागे पाहिलं, आणि झाडू तिथेच टाकून तो सावलीतून निघून उन्हात जाऊन उभा राहिला.

देऊळ ते घर, कालव्याच्या काठाने पंधरा मिनिटं. ऊन असं की जमिनीतून वाफ यावी. पाहुणे गात होते, तहानी त्यांना टाळ्यांचा ठेका शिकवत होती, आणि इन्शिराह पाल्याचं गाठोडं डोक्यावर घेऊन सगळ्यांच्या शेवटी. तिच्या मागे कुणी नव्हतं. तरी मागून आवाज येत होता. कोरडं जातं ओढावं तसा. घर्र... मग थांबा... मग घर्र. ती उभी राहिली की उभा राहायचा. मानेला गारवा लागत होता, बंद तळघराचं दार उघडल्यावर लागतो तसा, आणि वासही तसाच. वटवाघळांचा, जुन्या तेलाचा. वाटेत तुतीखाली बांधलेलं गाढव पाहुण्यांकडे ढुंकून न बघता दोर ताणून भिंतीला चिकटलं. गल्लीतली कुत्री आज एकही भुंकली नाही.

ती भ्यायली नव्हती असं नाही. पण खरं सांगायचं तर तिच्या छातीत जे धडधडत होतं त्यात भीती चार आणे होती. बारा आणे जेवणच होतं.

घरी पोचताच तिने पाला बारीक चिरला, रश्श्यात सोडला, लसूण-धण्याची फोडणी केली. मुलूखियात फोडणी ओतताना बाईने दचकल्यासारखा जोरात श्वास आत ओढायचा असतो, नाहीतर चव उतरत नाही. इन्शिराहने असा ओढला की पाहुण्यांतल्या दोघीतिघी खरंच दचकल्या आणि मग खूष होऊन टाळ्या पिटू लागल्या. लसणाचा वास गल्लीच्या टोकापर्यंत गेला. बुटक्या गोल मेजांभोवती सगळे मांडी घालून बसले. बदकं आली, भाकऱ्या आल्या, वाडगे वाफाळत आले.

सगळ्यांनी पहिला घास घेतला. आणि अंगण गप्प झालं.

चांगलं जेवण झालं की लोक गप्प होतात, ते गप्प निराळं. इथे सगळे चावत होते, चावतच होते. टोपीवाल्याने मीठ मागितलं. मग पुन्हा मागितलं. वहीबने भाकरीचा तुकडा वाडग्यात बुडवला, तोंडात घातला, आणि इन्शिराहकडे अशा नजरेने पाहिलं, जणू त्याला तिची कीव येत असावी.

तहानी तिच्यामागे स्वयंपाकघरात आली. "मावशी... श्वास ओढला होतास ना?"

"ओढला म्हणजे? पोलीस चौकीत ऐकू गेला असेल."

"मग चाखून बघ."

इन्शिराहने डाव तोंडाला लावला. गरम होतं, एवढंच. ना लसूण, ना मीठ, ना बदक. ओली राख. तिने परत वास घेतला. एवढा दरवळणारा लसूण कुठे गेला? भांड्यावर वाफ होती, वाफेला वास नव्हता.

"आणि त्यांचं पोटही भरत नाहीये," तहानी पुटपुटली. "तीन-तीन भाकऱ्या झाल्या. म्हणतात, अजून द्या..."

इन्शिराहने दारातून पाहिलं. पाहुणे दाटीवाटीने बसले होते, गुडघ्याला गुडघा. फक्त वहीब आणि टोपीवाल्याच्या मध्ये माणूसभर जागा मोकळी होती. कुणी सांगितलं नव्हतं, पण दोघंही अंग चोरून बसले होते. त्या मोकळ्या जागेसमोरच्या भाकरीवर पिवळट बारीक धूळ साचली होती. ती बघत असतानाच आणखी थोडी साचली.

आणि मग तिला राग आला.

पहाटे तीनपासून ती उभी होती. वीस वर्षं वाकून झाल्यावर तिचा एक मंगळवार आला होता, आणि कुणीतरी सगळ्यांच्या ताटातून खात बसलं होतं.

"तू जाऊन त्यांना हसव," ती तहानीला म्हणाली. "काहीही सांग. बाजारातली कोंबडी सांग."

तिने सगळ्यात मोठं ताट घेतलं. बदकाची तंगडी, वर कोऱ्या दोन भाकऱ्या, मुलूखियाचा भरलेला वाडगा. ते घेऊन ती अंगणात गेली आणि मोकळ्या जागेसमोर ठेवलं. मग तांब्या आणून शेजारी पाणी ओतलं, पाहुण्याचे हात धुवायला ओततात तसं. पाहुण्यांना वाटलं, ही इथली रीत. दोघांनी फोटो काढले.

इन्शिराह खाली वाकली. आवाज इतका हळू की फक्त वहीबला काहीतरी कुजबुज ऐकू आली.

"बोलावलं मी. तू 'नको' म्हणाला नाहीस, म्हणजे आलास. ठीक आहे... आलास तर पाहुण्यासारखा बस. हे तुझं. बाकीच्यांच्या ताटात हात घातलास तर तीन हजार वर्षांची म्हातारी असल्यासारखी शिव्या देईन मी तुला. जेव. आणि जेवलास की ऊठ."

काही झालं नाही. एक माशी आली, ताटावरून गेली. मग तिच्या मानेवरचा गारवा सरकला... खाली बसला.

आणि टोपीवाला एकदम ओरडला. त्याने बोटं चाटली, वाडगा उचलून तोंडाला लावला. अंगणभर लसूण पसरला. जो तो एकदम बोलू लागला, बदकावर तुटून पडला. एका बाईच्या डोळ्यांत पाणी आलं, ती तहानीला म्हणाली की तिची आजी आठवली. वहीबने तीन वाडगे रिचवले आणि ढेकर दिली, लाजलाही नाही.

"ते मोकळ्या जागेपुढचं ताट," तो जाताना म्हणाला, "ते छान होतं, उम्म नवार. तेवढं कायम ठेवा. आणि लिहून घ्या, दर मंगळवारी. पुढच्या खेपेला पंधरा जण आणतो."

इन्शिराहने ओरडून जीभ हलवत असा आनंदाचा लुलुकार केला की शेजारणी गच्चीवर आल्या. बस तहानीला आणि पाहुण्यांना घेऊन लुक्सरला निघाली. इन्शिराहने ताटं गोळा केली. मोठं ताट जसं वाढलं तसंच होतं, तंगडी, भाकऱ्या, वाडगा. फक्त उचलताना ते कागदासारखं वर आलं. तिने त्याचा विचार केला नाही. तिचं मन पंधरा जणांत होतं. किती बदकं लागतील, मेज कुणाकडून मागायचं.

दाराकडे पाठ करून ती नळाखाली भांडी घासायला बसली. गुणगुणत होती. मागून कुणीतरी म्हणालं, जेवून निघालेला माणूस म्हणतो तसं, "तुमचं पान सदा मांडलेलं राहो."

"गोड मानून घ्या," ती म्हणाली.

"आता पाळी आमची. मंगळवारी या."

इथे खरं तर 'कशाला त्रास' म्हणायचं असतं. लहान पोरसुद्धा म्हणतं. पण मंगळवार हा शब्द ऐकला आणि तिला इतका आनंद झाला की हातातला साबण फेसाळत ती म्हणाली, "येणारच की. दर मंगळवारी येणार."

"सगळ्यांना घेऊन या."

"सगळ्यांना आणते."

दगडावर दगड सरकल्यासारखा आवाज झाला. मग तिला आठवलं की बस कधीच कालव्यापलीकडे गेली. तिच्या पाहुण्यांतल्या एकालाही इथली भाषा येत नव्हती.

ती तशीच उठली, फेसाच्या हातांनी गल्लीत धावली. पाहुणा नजरेच्या टप्प्यात असेपर्यंत 'नको' म्हणता येतं, त्यात अपमान नसतो. गल्ली मोकळी. ती कालव्याच्या काठापर्यंत पळाली. दुपार लख्ख होती, दूर ऊस हलत नव्हता, आणि त्याच्या वर देवळाचे खांब दिसत होते.

"त्रास नका घेऊ..." ती म्हणाली. आवाज फुटेना. नदीपलीकडे जाणारा तिचा आवाज.

देवळापाशी एकही घर नाही. कधी नव्हतं. पण खांबांच्या मधून भट्टीचा धूर निघत होता, सरळ, दोऱ्यासारखा. त्याच्या शेजारी दुसरा निघाला. मग पलीकडे, वाळवंटाच्या बाजूला, आणखी. ती बघत राहिली तसे ते वाढत गेले, पार टेकड्यांपर्यंत. मंगळवार यायला अजून सात दिवस होते, आणि पंधरा माणसांच्या जेवणाला एवढ्या चुली कुणी पेटवत नाही.