न कापलेली पानं

घर्र्र... घर्र्र...

गेलेल्या माणसाच्या घरात सगळेच हळू बोलतात. घरातलं सामान विकायला मांडलेलं असलं, दारावर खडूनं तसं ठळक लिहिलेलं असलं, तरीही. त्या शांततेत स्वयंपाकघरातून कॉफी दळायच्या जुन्या हातगिरणीचा आवाज आला, आणि इकडे पुस्तकांच्या कपाटापाशी एकाच पुस्तकावर आलेले दोन हात एकदम थबकले.

"माझी मुलगी आहे..." ओरियान ओशाळली. "गारांस! ठेव ते खाली!"

"रिकामीच आहे, मामाँ!"

"दळू द्या हो," दुसऱ्या हाताचा मालक म्हणाला. "रिकामं दळण तर आम्ही मास्तर लोक रोजच दळतो."

भिजलेला गळपट्टा, चष्म्यावर भुरभुर पावसाचे थेंब... आणि हसू असं, की समोरच्यालाही हसावंच लागेल. तिबो नाव. फ्रान्समधल्या या आंजे शहरातल्याच एका शाळेत साहित्य शिकवायचा.

"पुस्तक तुम्हीच घ्या, मादाम. मला फक्त छापल्याचं साल बघायचं होतं. शाळांसाठी साहित्याचा इतिहास लिहितोय. त्यात या लेओंतीन वास्सेलबाईंवर दोन ओळी आहेत."

"कोणत्या?"

तो घसा खाकरून म्हणाला, "'कवी वास्सेल यांच्या पत्नी. नाजूक, घरगुती भावनांच्या काही कादंबऱ्या लिहिल्या.'"

ओरियाननं पुस्तक उघडलं. म्हणजे, उघडायला गेली. पानं कडेला एकमेकांना जोडलेलीच होती. त्या काळी पुस्तकं अशीच विकायची. वाचणाऱ्यानं सुरी घेऊन एकेक घडी कापत पुढे जायचं. हे पुस्तक या घरात म्हातारं झालं होतं, पण त्याच्यावर सुरी कुणी उचललीच नव्हती.

"नाजूक आहे, हे तुम्हाला कुठून कळलं?"

"म्हणजे... ग्रंथालयात एक प्रत आहे..."

"ती कापलेली आहे?"

तिबोचे कान लाल झाले. "तीही नाही. पण आधीच्या इतिहासात तसं लिहिलंय. आणि त्याच्या आधीच्या—"

"आणि त्या महाशयांनी त्यांच्या आधीच्यातून उतरवलं!"

एरवी ती एवढ्यावर हसून निघून गेली असती. पण 'पत्नी' हा शब्द तिला खुपला. तिचा व्हायोलिन वाजवणारा नवरा सोडून गेला त्यालाही आता वर्षं झाली. गल्लीतल्या पाववालीसाठी ती अजून 'त्या व्हायोलिनवाल्याची बायको'च होती.

"बुधवारी दुपारी हिला शाळा नसते," ती म्हणाली, आणि आपणच हे बोलतोय याचं तिला नवल वाटलं. "माझ्याकडे या. सुरी माझी, आवाज तुमचा. एकट्यानं एकही पान कापायचं नाही."

"आणि पुस्तक खरंच नाजूक निघालं तर?"

"तर तसं लिहा. पण वाचून."

गारांसनं गिरणी सोडलीच नाही, म्हणून पुस्तकाबरोबर गिरणीही घरी आली.

पुस्तक नाजूक नव्हतं. पहिल्याच प्रकरणात पाटीच्या दगडाची खाण चालवणारी एक विधवा मुकादमाच्या थोबाडीत मारत होती.

"घरगुती भावना!" ओरियान म्हणाली.

"घरोघरी असतात म्हणा," तिबो गाल चोळत पुटपुटला, आणि दोघं इतकी हसली की लोण्याची सुरी टेबलाखाली गेली.

मग बुधवारची सवयच लागली. तो वाचायचा, घडी आली की थांबायचा. ती सुरी घालायची... सर्रर्र... कागदाचा भुगा टेबलावर सांडायचा आणि गारांस तो गोळा करून गिरणीच्या खणात भरायची. "माझा बर्फ आहे," म्हणायची.

"आज फार हळू कापताय तुम्ही."

"तुम्हाला कसली घाई आहे?"

"पुढचं पान बघायची..." तो खाली बघत म्हणाला. "आणि पानं संपू नयेत, याचीही."

ओरियाननं सुरी पुढच्या घडीत घातली. अर्ध्यावर पुस्तक मिटून उठणाऱ्या माणसाबरोबर तिचा एक संसार होऊन गेला होता. हा शेवटपर्यंत बसेल? आणि बसला, तरी त्या दोन ओळी बदलायची हिंमत करेल?

एका बुधवारी तो आलाच नाही. प्रकाशकानं पॅरिसला बोलावलंय, एवढाच निरोप आला.

"आपणच कापू या ना, मामाँ?"

"नाही. ठरलंय तसं."

सुरी ताटलीशेजारी तशीच पडून राहिली. अंधारून आल्यावर ओरियाननं ती उचलली, पुसली आणि टेबलाच्या खणात ठेवून दिली.

पुढच्या बुधवारी दारात तिबो उभा — नखशिखांत भिजलेला, हातात आलुबुखार घालून भाजलेल्या पेस्ट्रीचा डबा.

"एक आख्खं पान लिहून नेलं होतं तिच्यावर," तो कोट न काढताच बोलू लागला. "प्रकाशक म्हणाले, जागा कुठून आणू? म्हटलं, नवऱ्याला तीन पानं दिलीत, त्यातून घ्या."

"तुमच्या लाडक्या कवीच्या पानांतून? तुमचा तर प्रबंध आहे त्याच्यावर!"

"हो ना. स्वतःच्या हातानं कापली. भांडून भांडून अर्धं पान मिळालं. अर्धंच..." त्यानं खिशातून कागद काढून वाचून दाखवला. खाण होती, थप्पड होती, लेओंतीन होती. 'पत्नी' कुठेच नव्हतं.

ओरियाननं टेबलाच्या खणातून सुरी काढली. शेवटची घडी उरली होती. तिबोनं हलकेच तिच्या हातावर हात ठेवला.

"हे कापलं की संपलं."

"हो."

"ओरियान... तिच्या अजून बऱ्याच कादंबऱ्या आहेत. ग्रंथालयात. सगळ्या बंद. आणि त्या संपल्या की दुसऱ्या बायका आहेत. आमच्या इतिहासात दोन-दोन ओळींत बसवलेल्या पुष्कळ आहेत. मी हिशेब केला... म्हातारपणापर्यंत सहज पुरतील."

"ग्रंथालयवाले कापू देतील?"

"विचारलंय. बाई म्हणाल्या, लोण्याची सुरी मात्र चालणार नाही."

तिला हसू आलं, आणि डोळ्यांत पाणीही.

"मग चांगली सुरी आण तू," ती म्हणाली. 'तू' पहिल्यांदाच. त्याचा हात तिच्या हातावर होता तिथेच राहिला, आणि शेवटची घडी दोघांनी मिळून कापली.

शेवटचं वाक्य वाचून तिबो थांबला. बाहेर पाटीच्या दगडाच्या छपरांवर पाऊस वाजत होता. गारांसनं गिरणीचा खण पुढे ओढून भुगा आत लोटला.

"शेवटपर्यंत वाचलं?"

"शेवटपर्यंत," ओरियान म्हणाली.

गारांस जरा विचारात पडली. मग तिनं आईकडे पाहिलं.

"मामाँ, मग आता हे लेओंतीनला कोण सांगणार?"