आधी पेन ड्राइव्ह

रविवारी दुपारी जेवणं उरकली, भांडी निथळत ठेवली आणि भाचीने पिशवीतून पेन ड्राइव्ह काढून माझ्या हातावर ठेवला.

"ह्यात अख्खी नवी सिस्टिम आहे, मावशी. मशीन ह्याच्यावरून सुरू केलं की काकांचं सगळं पुसायचं आणि नवं घालायचं. चहा होईपर्यंत काम संपेल."

"मग तुझ्या आईला मी दिसेन?"

"कॅमेरा आणलाय. नाकावरचा तीळसुद्धा दिसेल."

भाची म्हणजे माझ्या धाकट्या बहिणीची मुलगी. एका इस्पितळाच्या कॉम्प्युटर विभागात असते. कामानिमित्त इकडे आली होती, दुसऱ्या दिवशी परत जाणार होती. तिच्यामागेही मला रोज बहिणीला दिसता यावं, म्हणून हा खटाटोप. बहिणीला घरात सगळे धाकटीच म्हणतात. तिने उभं आयुष्य फोटो स्टुडिओत बारीक ब्रशने लोकांचे चेहरे नीट करण्यात घालवलं. एकदा पाहिलेला चेहरा विसरायची नाही. बसस्टॉपवर परक्या बाईला थांबवून म्हणायची, "तुमचा शाळेतला फोटो मी केलाय."

आता तिचं सगळं विस्कटत चाललं आहे. फोनवर माझा आवाज ऐकला की "राँग नंबर" म्हणते. मी टेलिफोन एक्स्चेंजमध्ये जन्मभर परक्या माणसांना एकमेकांशी जोडून दिलं, आणि माझी सख्खी बहीण मला राँग नंबर म्हणते. पण चेहरे अजून ओळखते, असं भाची म्हणाली. अजून म्हणजे कुठवर, हे डॉक्टरांनी सांगितलं नव्हतं.

हा कॉम्प्युटर माझा. निवृत्तीच्या दिवशी एक्स्चेंजमधल्या मैत्रिणींनी मला दिला. घरी आला त्याच संध्याकाळी ह्यांनी तो आपल्या खोलीत लावला, पासवर्ड घातला आणि म्हणाले, "तुला काय लागेल ते मला सांग, मी काढून देईन." मी कधी काही सांगितलं नाही. गेल्या वर्षी हे गेले, पासवर्ड घेऊन गेले. भेटायला आलेला प्रत्येक जण म्हणाला, देवमाणूस होता. हो ना. बाहेर देवमाणूसच. घरात वर्तमानपत्राची घडी आधी ह्यांनी मोडायची. पंख्याखालची जागा आधी ह्यांची. धाकटीची मला आलेली पत्रंसुद्धा आधी ह्यांनी वाचायची, आणि मग टेबलावर अशी ठेवायची, की जणू मला वाचायची परवानगी देतायत. नुसतं आठवलं तरी माझं डोकं फिरतं.

भाचीने सुरुवातीलाच कुठली तरी कळ दाबून निळा पडदा आणला.

"हे बघ. मशीन सुरू झालं की आधी कुठे बघायचं, ह्याचा क्रम ठरलेला असतो. आत्ता आतली डिस्क पहिली आहे, काकांचं सगळं आहे ती. आपण पेन ड्राइव्ह पहिला करू."

"म्हणजे इथेही रांग."

"रांगच. आणि काका पहिले." ती हसली. मी हसले नाही.

तिने क्रम बदलला, जपून ठेवला, मशीन पुन्हा सुरू केलं. पडद्यावर ह्यांचा फोटो आला. टाय लावलेला. खाली पासवर्डची रिकामी चौकट.

"सेव्ह झालं नाही वाटतं." ती परत निळ्या पडद्यावर गेली. डिस्क पहिली. तिने पुन्हा बदललं. ह्या वेळी मी चष्मा लावून स्वतः पाहिलं: वर पेन ड्राइव्ह, खाली डिस्क. मशीन सुरू झालं. ह्यांचा फोटो आला. परत जाऊन पाहिलं, तर डिस्क पहिली.

"आतली बॅटरी संपली असेल, म्हणून सांगितलेलं विसरतंय."

"माझं तेवढं बरं विसरतं. त्यांचं नाही विसरत."

तिने कॉम्प्युटरचा डबा उघडून बटणासारखी बॅटरी काढली, पिशवीतली नवी घातली. "आता ह्याचं आतलं घड्याळसुद्धा मागे जाईल बघ, कुठल्या तरी जुन्या सालात." घड्याळ मागे गेलं नाही. भिंतीवरच्या घड्याळाशी तंतोतंत जुळत होतं. भाचीने दोन्हींकडे आळीपाळीने पाहिलं. मग पेन ड्राइव्ह पुढून काढून मागे लावला. तेच. स्वतःच्या लॅपटॉपला लावला, तर तिथे मुकाट्याने सुरू झाला.

"पेन ड्राइव्ह धडधाकट आहे. हे मशीनच हेकट आहे, मावशी."

"मालकावर गेलंय."

"मालकीण तू ना?"

"ते त्याला सांग."

आता तिलाही चीड आली होती. तिने इंटरनेटची वायर उपटली, डब्याजवळ जमिनीवर बसली आणि डिस्कच काढून टाकली. वायरी सुटलेली डिस्क तिने टेबलावर टॉवेलवर ठेवली. "आता बघायला दुसरं काही उरलंच नाही. झक मारत पेन ड्राइव्हवर येईल."

बटण दाबलं. पंखा फिरला.

ह्यांचा फोटो आला.

भाची गुडघ्यांवर तशीच थांबली. टेबलावरच्या डिस्कला तिने बोट लावून पाहिलं.

"मावशी, हे येतंय कुठून?"

"तुला विचारायचं की मला?"

"असं होऊच शकत नाही. ह्यात आत्ता काका कुठेच नाहीत."

मी टेबलाच्या एका बाजूला उभी होते, ती खाली बसलेली. मधे ह्यांची काळ्या रेक्झिनची खुर्ची. रिकामी. तिच्यासमोर की-बोर्ड, त्याला आमच्यापैकी कुणाचाही हात लागलेला नव्हता.

पासवर्डच्या चौकटीत एक ठिपका उमटला.

मग बराच वेळ काही नाही. मग दुसरा.

हे एका बोटाने टाइप करायचे. प्रत्येक अक्षर शोधून, दाबून, वर बघून खात्री करून.

तिसरा ठिपका.

"बंद कर, मावशी," भाची कुजबुजली. "वायर ओढ."

मी वायर ओढली नाही. मी घाबरले नव्हते असं नाही, पण त्या भीतीच्या वर संताप चढला. मेल्यावरसुद्धा? माझ्या बहिणीची आठवण थेंबाथेंबाने गळतेय, आणि तिथेही आधी तुम्ही?

"उठा," मी म्हणाले.

आवाज माझा मलाच ओळखू आला नाही.

"उठा तिथून. हे माझं आहे. मला दिलंय. ऊठ म्हणते ना!"

उभ्या आयुष्यात ह्यांना मी अरेतुरे केलं नव्हतं.

ठिपके थांबले.

मग एकेक करून पुसले गेले. शेवटचा, मधला, पहिला.

खुर्चीच्या गादीत हवा भरल्याचा बारीक आवाज आला. खोल दबलेलं रेक्झिन हळूहळू फुगून वर आलं आणि सपाट झालं.

पडदा काळा झाला, मग उजळला. पेन ड्राइव्हवरची नवी सिस्टिम विचारत होती, भाषा कोणती हवी.

भाचीने डिस्क परत जोडली, पुसली, नवं सगळं घातलं. निळ्या पडद्यावर पेन ड्राइव्ह पहिला होता आणि पहिलाच राहिला. नाव काय घालू, असं तिने विचारलं, तेव्हा मी माझं नाव सांगितलं. मी खुर्चीवर बसले. गादी कोमट होती. मशीनची ऊब असेल.

भाचीने इंटरनेटची वायर परत खोचली, कॅमेरा लावला. पलीकडे धाकटीला सांभाळणाऱ्या बाईने तिला पडद्यासमोर आणून बसवलं होतं. केस नीट विंचरलेले, अंगात निळा स्वेटर. कोपऱ्यातल्या लहान चौकोनात मी दिसत होते. मी आणि माझ्यामागची भिंत.

"धाकटे," मी म्हणाले. "कोण आहे बघ."

तिने मान वाकडी करून पाहिलं. जसा पूर्वी फोटो उजेडात धरायची, तसं. आणि ओळख पटल्याचं ते हसू तिच्या चेहऱ्यावर हळूहळू पसरलं. कितीतरी महिन्यांनी. माझे डोळे भरून आले.

पण ती माझ्या थोडं वर बघत होती.

"अहो भाऊजी, उभे का?" ती आदबीने म्हणाली. "ताईला बोलवा ना जरा. आणि तुमच्या खुर्चीत ह्या कोण बसल्यात?"