पाहुण्याची सोंगटी

दिवा घेऊन ती जिना चढली, तर वरच्या सज्जात कुणीतरी आधीच उभं होतं.

जिना खरा नव्हता म्हणा. सज्जाही नव्हता. अख्खी कोठी तिच्या लॅपटॉपच्या पडद्यावर मावत होती, आणि दिवा घेतलेली ती म्हणजे नखाएवढी गोल सोंगटी. पण छातीत धस्स व्हायला खरी जागा कशाला लागते? माणूस स्वप्नातल्या विहिरीत पडतो, तरी घामाघूम होऊनच उठतो की!

तिचं काम ऐकून लोक हसायचे. दूरदूरचे चार मित्र आपापल्या घरी बसून एकच गोष्ट खेळतात, कुणी योद्धा होतो, कुणी वैद्य, कुणी चोर, आणि त्यांच्यातला एक जण ती गोष्ट चालवतो. अशांसाठी एक छोटी कंपनी आधीच लिहून ठेवलेली साहसं विकायची. ती पडद्यावर मांडून द्यायची हिने. नकाशा अंथरायचा, सोंगटीला पलीकडचं दिसू नये म्हणून त्यावर अदृश्य भिंती आखायच्या, दारं बसवायची, दिवे लावायचे, भुतं लपवायची.

"म्हणजे तू भुतांची घरं लावून देतेस," आत्या म्हणायची. "बयो, एकदा स्वतःचंही लाव की!" आत्या शेजारच्या खोलीत शिलाई मशीनवर बसलेली असायची, आणि तिची जीभ सुईहून बारीक टोकाची.

हे साहस तळ्याकाठच्या कोठीचं होतं. गोष्टीप्रमाणे तिथे राहणारं कुणीच उरलं नव्हतं. इकडे तिच्या खोलीबाहेर भर दुपारी धुकं दाटलेलं, खिडकीच्या काचेला गाल लावून आत बघत असल्यासारखं... आणि सज्जात ही सोंगटी. राखाडी झगा, चेहरा नाही. तिने ठेवलेलीच नव्हती.

ती पुसणार, इतक्यात सोंगटी सरकली. तिच्याकडे वळली. संदेशांच्या चौकटीत अक्षरं उमटली —

"दिवा जरा खाली घे. डोळ्यांवर येतोय."

अक्षरांच्या आधी नाव होतं: पाहुणा.

तिच्या अंगावर सर्रकन काटा आला. कारण पाहुणा म्हणजे तीच! मांडलेला खेळ खेळाडूच्या नजरेतून कसा दिसतो, हे बघायला ती दुसऱ्या खिडकीतून स्वतःच पाहुणा होऊन आत यायची. कोठीत तिच्याशिवाय कुणी हजर नव्हतं. म्हणजे तिच्याच नावाने, तिच्याशीच कुणी बोलत होतं.

"कोण आहे?" तिने लिहिलं.

"इथेच असतो."

"मी तुला ठेवलेलं नाही."

"सगळ्यांनाच कुणी ठेवावं लागतं का, भिंतवाली?"

भिंतवाली! एवढ्या भीतीतही तिला त्या हाकेचं हसू आलं. मनाचं असंच असतं बघा, दार लावायला म्हणून उठतं आणि उंबऱ्यावरच रेंगाळतं.

कंपनीच्या मॅडमना विचारायची सोय नव्हती. चाचणी सोपी जावी म्हणून तिने पाहुण्याच्या जागेला परवलीचा शब्दच घातला नव्हता, आणि वर सगळे हक्क देऊन ठेवले होते. तिच्या आधीच्या मुलीची नोकरी नेमकी याच चुकीपायी गेली होती. मग कोण कशाला तोंड उघडतंय?

दुसऱ्या दिवशी ती ठरवून आली, की आज त्याला पुसायचंच. पाळण्याच्या खोलीचं दार उघडलं आणि हेडफोनमध्ये... कर्र... कर्र... पाळणा हलत होता. तिने तर कोठीत अजून एकही आवाज घातला नव्हता.

"कोण हलवतंय?"

"तू दार उघडलंस ना. वारा आला."

"भुतांना दुपारची कामं नसतात का?"

"असतात की. भिंतवाल्यांना घाबरवायचं."

"मी नाही घाबरत."

"मग बाण का थरथरतोय तुझा?"

तिने माउसवरचा हात चटकन उचलला. गाल मात्र तापले.

पुसायचं राहून गेलं. मग रोजच राहत गेलं. दुपार झाली की ती कोठीत शिरायची, आणि कोठी रोज थोडी अधिक जिवंत झालेली असायची. भिंतीपलीकडे पाऊल वाजायचं. रिकाम्या न्हाणीघरात थेंब ठिबकायचे. तळघराच्या दाराशी गेलं की कुणीतरी श्वास रोखून धरायचं... आणि ती मागे फिरली की हलकेच सोडायचं. भय वाटे, पण त्या भयालाही एक गोडी होती. राखाडी सोंगटी तिच्या दिव्याच्या कडेकडेने चालायची, ना पुरती उजेडात, ना पुरती अंधारात.

"कधीतरी उजेडात ये की," ती लिहायची.

"चेहरा नाही मला. बघून काय करशील?"

"काढून देईन. सुंदर काढते मी."

"नको. सुंदर काढलास तर तुला रोज बघावंसं वाटेल."

बराच वेळ दोन्ही सोंगट्या सज्जात नुसत्या शेजारी उभ्या राहिल्या. तळ्याचं पाणी हेडफोनमध्ये चुबकत होतं.

मग एकदम अक्षरं आली —

"आत्यांना ओ दे. मघापासून हाका मारतायत."

तिने हेडफोन काढले. पलीकडून खरंच आत्या ओरडत होती, "अगं बयो! कान कुठे गहाण ठेवलेस?"

कोठीतल्याला हे घर ऐकू येतं! त्याने खाली आणखी काही लिहायला घेतलं होतं, पण तिने लॅपटॉप खाडकन मिटला.

दुसऱ्या दिवशी मॅडमचा फोन आला. "कोठी झकास झाली आहे. आज दुपारी गिऱ्हाइकाकडे जाऊ दे. आणि हो, आपल्याकडची प्रत पुसून टाक, नेहमीसारखी."

फोन ठेवल्यावर तिला वाटलं, सुटले बाई. आणि त्याच श्वासात काहीतरी तुटल्यासारखं झालं. कोठी पुसली की सज्जा जाणार, पाळणा जाणार, आणि जो कोण आहे तो...

ती आत्याच्या खोलीच्या दारात जाऊन उभी राहिली. "आत्या, समोरचा माणूस आहे की नाही, हेच कळत नसेल तर काय करावं गं?"

आत्याने मशीन थांबवलं नाही. "माझं लग्न झालं तेव्हा मलाही पहिली काही वर्षं कळलं नव्हतं."

"चेष्टा नको ना."

तेव्हा मात्र आत्याने चाक थांबवलं. तिच्या चेहऱ्याकडे नीट पाहिलं. "जीव लागलाय का?"

तिने मान हलवली.

"मग विचार त्याला. देवाने तोंड दिलंय ते नुसतं जेवायला नाही दिलेलं. अगं, जो दगडात सापडतो, तो हाक मारल्यावर आणखी कुठेही सापडेल. पण हाक आपण मारायची."

ती परत कोठीत आली. मागचे संदेश कोठी बंद होताना पुसले गेले होते. दिवा घेऊन ती थेट सज्जात गेली. तो होताच.

"काल न सांगता गेलीस," त्याने लिहिलं.

"आज ही कोठी पुसायची आहे."

"ठाऊक आहे. वाईट वाटतंय."

"मी पुसणार नाही." ती लिहीतच गेली. "मॅडमना सांगेन की पाहुण्याची जागा मी उघडी ठेवली, आणि त्यातून तू आत आलास. काम गेलं तर जाऊ दे. तू कोण आहेस, कधीचा आहेस, मला माहीत नाही. जिवंत नसलास तरी... मला तू हवा आहेस. तुला पुसून मी घरी काय घेऊन बसू?"

पाळण्याची कर्रकर्र थांबली. मग अक्षरं आली, घाईघाईने, एकमेकांवर आदळत —

"थांब. तू मला खरंच भूत समजत होतीस?"

"म्हणजे?"

"अगं, मी आवाजवाला! कोठीत आवाज घालायला मॅडमनी मला धाडलं. तुला सांगितलंय म्हणाल्या. आत आलो तर एकच जागा रिकामी होती, पाहुण्याची. बसलो. मला वाटलं, तूही मजेत खेळते आहेस. तुझा माइक चालू राहिला होता, तेच काल लिहीत होतो, पण तू निघून गेलीस."

लाजेने तिला धरणी पोटात घेईल तर बरं असं झालं. जिवंत! हाडामांसाचा! आणि आपण त्याला काय काय लिहून बसलो!

"आवाजवाला आहेस," तिने शेवटी लिहिलं, "तर इतके दिवस एकदाही बोलला का नाहीस?"

"माझे शब्द अडकतात. लहानपणापासून. म्हणून मी दारांना बोलायला लावतो. जिन्यांना लावतो. मी बोललो, तर तू कोठीबरोबर मलाही पुसशील."

तिने दोघांमधला आवाज सुरू केला. "बोल," ती म्हणाली. तिचा स्वतःचाच आवाज तिला अनोळखी वाटला.

हेडफोनमध्ये आधी नुसता श्वास आला. तळघराच्या दाराशी रोखून धरलेला, तोच. मग खोल, जरा खरबरीत असा आवाज — "म... मला..."

आणि अडला.

तिला पुढचा शब्द ठाऊक होता. तिच्या ओठांवर तयार होता. नुसता पुढे केला असता तरी त्याची सुटका झाली असती. पण तो शब्द त्याचा होता. तिने डोळे मिटले.

"सावकाश," ती म्हणाली. "मी आहे."

"मला तू... तू... आ..."

धुक्यात दूर कुठेतरी एक गाडी गेली. आत्याचं मशीन थांबलेलंच होतं. ती थांबून राहिली, आणि असं थांबणं किती गोड असतं, हे तिला आयुष्यात पहिल्यांदाच कळत होतं.

"...आवडतेस," तो म्हणाला. सबंध, एका दमात.