झाडाचा किनारा

आखातातल्या वाळवंटी शहरात, अर्दियातल्या गोदामांच्या मागे आमच्या कंपनीची रोपवाटिका आहे. हिरवी जाळी, ठिबकच्या नळ्या, पत्र्याचं ऑफिस. वनस्पतिशास्त्रात एमएस्सी करून मी इथे आले ती चाचणीतल्या झाडांची नोंद ठेवायला. बाहेरची झाडं या उन्हात तगतात का, याची ती चाचणी. त्यात बारा ओक होते. अकरा मेले. बारावा सहा वर्षांचा, माझ्यापेक्षा हातभर उंच.

हा ओक कॅलिफोर्नियाच्या किनाऱ्यावरचा. वर्षभर हिरवा. पानं कडांनी खाली वळलेली, काटेरी, मागच्या बाजूला शिरांच्या बेचक्यात केसांचे बारीक झुपके. तिकडे उन्हाळ्यात पाऊस जवळजवळ नसतोच. समुद्रावरचं धुकं आत येतं, त्या गारव्यावर तो उन्हाळा काढतो. ऐन उन्हाळ्यात खोडाशी पाणी घातलं तर त्याची मुळं कुजतात, म्हणून त्याची नळी मी मे महिन्यातच बंद केली होती.

जुलैत पानं करडी पडली. सोमवारी आमचे मॅनेजर सुरेश सर फॉर्म घेऊन आले.

"'मृत' लिहा आणि सही करा. गुरुवारी तिथे पाण्याची टाकी बसवायची आहे."

मी नखाने साल खरवडली. आत हिरवं होतं. "जिवंत आहे, सर."

"तेजस्वी मॅडम, तुमचा पगार कंपनी देते की झाड?"

"नोंद ठेवायचा पगार मिळतो. खोटी नाही ठेवणार."

"मग झाडच काढतो. म्हणजे नोंदीचा प्रश्नच नको."

संध्याकाळी पाहिलं तर लवूमामा झाडापुढे नारळ ठेवून गाऱ्हाणं घालत होते. लवूमामा वेंगुर्ल्याकडचे, आमचे सगळ्यात जुने माळी.

"गावाक झाडाचा काय असला तर जागेवाल्याक, थयल्या राखणदार देवाक, सांगूचा लागता, बाय," ते म्हणाले. "हयच्या जागेवाल्याचा नाव माका म्हायत नाय. म्हणान झाड जयसून इला, थयच्याक हाक मारलंय. म्हटलंय, तुझा लेकरू हा, तूच ये आणि सांभाळ."

"नारळ कुठला, मामा?"

"फहाहीलच्या बाजारातलो. चलता."

मला हसू आलं.

मंगळवारी दुपारी खोडाभोवती ओल दिसली. टेप लावला. खोडापासून बत्तीस सेंटिमीटर, सगळ्या बाजूंनी सारखी. नळी तपासली, ती कोरडी होती. तापमान एकोणपन्नास, आर्द्रता नऊ टक्के.

बुधवारी शहाऐंशी सेंटिमीटर. पानांच्या टोकांवर थेंब लटकत होते. वास समुद्राचा होता, पण गार, शेवाळी. इथल्या दस्मानच्या किनाऱ्यावर मी दर शुक्रवारी फिरते. हा तो समुद्र नव्हता.

"मामा, नळी तुम्ही सोडलीत?"

लवूमामा ओलीच्या बाहेर उभे होते. "माका इचारू नको. मी आत पाय घालूचंय नाय."

उन्हाळ्यात भर दुपारी कामगारांना उघड्यावर काम लावायला इथे बंदी आहे. गुरुवारी सुरेश सरांनी स्वतःच यांत्रिक करवत उचलली. "बंदी कामगारांना आहे, मॅनेजरला नाही."

मी वाटेत उभी राहिले. "माझी सही नाही, सर. झाड जिवंत आहे."

ते मला वळसा घालून पुढे गेले.

तेवढ्यात झाड दिसेनासं झालं. धूळ नव्हती. पांढरं, गार धुकं जमिनीतून वर चढत होतं. शेजारच्या गोदामाचा पत्रा उन्हात लखलखत होता.

सर धुक्यात शिरले. करवत सुरू झाल्याचा आवाज आला.

मग तो आवाज लांब जाऊ लागला.

झाड दहा पावलांवर होतं. आवाज लांब गेला, आणखी लांब गेला आणि थांबला.

मी हाका मारल्या. घड्याळ पाहिलं. एक वाजून बारा मिनिटं.

एक सदतीसला सर बाहेर आले. गुडघ्यापर्यंत भिजलेले. बुटांतून करडी, जाड वाळू गळत होती. हात रिकामे होते.

"झाड कापलंत?"

"कुठलं?" ते हळूच म्हणाले. "तिथे सगळी झाडंच आहेत."

धुकं विरलं तेव्हा ओक एकटाच उभा होता, हिरवागार. करवत कुठेच सापडली नाही.

टाकी दुसरीकडे बसली. सर आता या बाजूला फिरकत नाहीत. लवूमामांनी फहाहीलच्या कामावर बदली मागून घेतली. जाताना म्हणाले, "मी ये म्हटलंय, बाय. परत जा म्हणूक इसारलंय. तू पण चल."

मी नाही म्हटलं. फॉर्मवर 'जिवंत' लिहिलं आणि सही केली. मग ऑफिसातली खुर्ची बाहेर आणली आणि जाळीच्या सावलीत, झाडाकडे तोंड करून मांडली. रोज दुपारी टेप लावते आणि तिथेच बसून आकडा लिहिते.

आज ओल चार मीटर दहा. खुर्चीचे पुढचे दोन पाय ओले आहेत.

मी खुर्ची हलवलेली नाही.