मूळ कुणी धाडायचं?

कराडहून साताऱ्याला निघालेल्या एसटीत माझ्या शेजारी बसलेला माणूस माझीच कादंबरी वाचत होता. आणि वाचता वाचता तिच्या शेवटच्या ओळीवर लाल पेन्सिल उगारून बसला होता!

आता कुठली लेखिका गप्प बसेल? पुस्तकावर माझा फोटो नाही, त्यामुळे मी कोण ते त्याला ठाऊक असायचं कारण नव्हतं.

"अहो, काय करताय? लायब्ररीचं असेल ना ते!"

"विकत घेतलंय. माझं हाय." त्यानं मान वर केली. डोळे लालसर, दाढी दोन दिवसांची... आणि चेहरा असा देखणा, की बघणाऱ्यानं उगाच खिडकीबाहेर बघावं. "हा शेवटचा शब्द खोडणार हाय मी. चौथ्यांदा वाचतोय, चौथ्यांदा डोकं फिरलंय."

"पुस्तक तुमचं असेल. शब्द लेखिकेचे आहेत. खोडायचा हक्क तिचा."

"मग भेटू दे मला ती बाई. इचारतोच तिला."

"काय विचारणार?"

"सर्जेरावाला पाय नव्हते काय?"

माझी कादंबरी एका सरदार घराण्याची आहे, सव्वाशे वर्षांपूर्वीची. गाव काल्पनिक, माणसं काल्पनिक. सर्जेराव आणि मैनाराजे यांचं लग्न हत्तीवरून साखर वाटून झालेलं. दोघांचा एकमेकांवर जीव. पुढं एका पंगतीत मैनाराजेंच्या वडिलांचा पाट दुसऱ्या ओळीत मांडला गेला आणि सगळं बिनसलं. दिवाळीला माहेरी गेलेल्या लेकीला न्यायला सासरहून माणूस येतो, त्याला आमच्याकडे मूळ म्हणतात. वडील म्हणाले, मूळ आल्याशिवाय लेक धाडणार नाही. सासर म्हणालं, सून आहे, आपल्या पायांनी येईल. मधे एक नदी. तो अलीकडं, ती पलीकडं, आणि सत्तावीस वर्षं गेली. कादंबरीची शेवटची ओळ एवढीच आहे: मूळ आलं नाही.

"पाय होते," मी म्हणाले, "पण मैनाराजेंना तरी कुठं कमी होते?"

"तिनं का म्हणून यावं? बापाचा अपमान झाल्ता तिच्या!"

अतीतचा थांबा येईपर्यंत आम्ही भांडलो. तिथं कंडक्टर म्हणाला, "आवं, घरचं भांडण घरी मिटवा की!" तेव्हा कुठं दोघंही लाजून गप्प झालो. साताऱ्याच्या स्टँडवर उतरताना मी म्हटलं, "ती बाई म्हणजे मीच. शिवांजली."

त्याच्या हातातली पेन्सिल खाली पडली, ती मीच उचलून दिली.

त्याचं नाव राजवर्धन. मेढ्याकडचा, गुरांचा डॉक्टर. आदल्या रात्री कुणाच्या तरी अडलेल्या म्हशीपाशी जागलेला, म्हणून ते डोळे लाल. मी मात्र आठवडाभर समजून होते, की माझ्या कादंबरीनं रडवलं गड्याला!

त्यानंतर फोन सुरू झाले. मी कराडला कॉलेजात मराठी शिकवते. संध्याकाळी घरी आले, की मला आलेली वाचकांची पत्रं त्याला वाचून दाखवायची, हा आमचा नेम झाला. एक रिटायर सुभेदार लिहीत होते, 'सर्जेराव माझ्या पलटणीत असता तर मी त्याला पाठीवर ओझं लादून पिट्टू परेड दिली असती.' चार वेगवेगळ्या घराण्यांनी फोन करून दम दिला, की ही आमचीच कथा आहे, तुम्हाला कुणी सांगितली? पाचव्या घरच्या एक बाई रुसल्या होत्या. आमच्या घरात एवढं झालं, आणि तुम्ही भलत्यांचंच लिहिलंत, म्हणे!

सगळ्यांत भारी होत्या हरणाबाई, आटपाडीकडच्या. जन्म मेंढरांमागं गेलेला. नातीनं त्यांना पुस्तक वाचून दाखवलं, आणि त्यांनी तिच्याच फोनवरून मला झापलं.

"काय गं बया, सत्तावीस वर्सं वाट बगती व्हय? म्या तर मेंढरं घिऊन त्येच्या दारात बसली असती. न्हाई तर म्हणलं असतं, नगं तुजं घर, ह्यो माजा रस्ता. पर बसून ऱ्हायली नसती."

राजवर्धन हसून हसून बेजार झाला. मग एकदम हळू आवाजात म्हणाला, "शिवांजली... तुमी हसला की मला फोन ठेवू वाटत न्हाई."

"मग ठेवू नका," मी म्हटलं, आणि माझ्याच धिटाईनं माझे कान तापले.

माघात तो मला भेटायला कराडला आला. संगमावर दोघं भेळ खात बसलो होतो. त्यानं माझ्या ओढणीवर सांडलेले कुरमुरे एकेक करून वेचले. वेचून झाले तरी हात मागं घेतला नाही. मीही घेऊ दिला नाही. खोटं कशाला बोलू, मला तो आवडला होता. लय आवडला होता.

आणि तिथंच त्यानं सांगितलं, "एक घोळ हाय. फोन करणाऱ्या चार घरांतलं एक आमचं हाय."

त्याचे चुलते बाळासो. वडील गेल्यापासून घरात शब्द त्यांचाच. त्यांच्या थोरल्या आजीसाहेब, म्हणजे आजोबांची पहिली बायको, अशाच माहेरी राहिल्या, अशाच गेल्या. बाळासोंची खात्रीच होती, की मी त्यांच्या घराण्याचे वाभाडे काढलेत. मी तर त्या आजीसाहेबांचं नावसुद्धा ऐकलं नव्हतं!

तरी राजवर्धननं घरी आमचा विषय काढला. बाळासोंनी दोन अटी घातल्या. एक, लेखिकेनं चारचौघांत माफी मागायची आणि दुसऱ्या आवृत्तीत चूक बाईचीच होती असं लिहायचं. दुसरी, पोरीच्या बापानं आमच्या उंबऱ्याशी यायचं. आमचं घर स्थळ घेऊन कुणाच्या दारात जात नाही.

माझे बाबा फौजेतले. ते उसळले. "व्हय? मग आमीबी पोर घेऊन कुणाच्या दारात जात न्हाई. त्यांनी मागणी घालावी, त्याबिगर चहासुद्धा न्हाई."

मी कपाळाला हात लावला. हे सगळं मीच लिहिलं होतं की! फक्त पाट आणि पंगत तेवढी राहिली होती.

खरं सांगायचं तर मीसुद्धा कमी नव्हते. पुढच्या भेटीत, त्याच संगमावर, मी राजवर्धनला म्हटलं, "तुम्ही या आणि बाबांशी बोला. चुलत्यांना विचारून सगळं करणार असाल तर राहू दे."

"एकदा तुमी मेढ्याला या. काकांना समजावून सांगा, ही गोष्ट तुमच्या मनातली हाय म्हणून."

"मी का यावं?"

"मग मीच का?"

नदीवरून गार वारा येत होता. मी म्हणाले, "यायचं तर आपण होऊन या. मी बोलावणार नाही." तो उठला, पँट झटकली, आणि वळून न बघता निघून गेला.

तीन आठवडे फोन नाही. मी दहादा नंबर काढायचे आणि दहादा फोन उशाशी ठेवायचे. आपण कसल्या मूर्ख माणसांवर तीनशे पानं लिहिली, ते मला तेव्हा कळत होतं.

मार्चमध्ये सांगलीच्या एका वाचनालयानं माझ्या कादंबरीवर वाचकमेळावा ठेवला. तिथली पद्धत अशी, की वाचकांनी प्रश्न चिठ्ठीवर लिहून स्टीलच्या डब्यात टाकायचे आणि लेखिकेनं एकेक चिठ्ठी काढून उत्तर द्यायचं. कार्यक्रमाचं सगळं बघणारी पूजा धावत माझ्याकडे आली. "मॅडम, पुढच्या ओळीत फेटेवाले बसलेत. दहा-बारा जण बरोबर आहेत. म्हणताहेत, माफी नाही तर कार्यक्रम नाही. रद्द करायचा का?"

मी पडद्याआडून पाहिलं. मधल्या खुर्चीत बसलेत ते बाळासो, हे कुणी सांगायची गरज नव्हती. नाक थेट राजवर्धनचं. राजवर्धन मात्र कुठं दिसला नाही.

"रद्द नको," मी म्हटलं.

मी उभी राहिले, तसे बाळासोही उभे राहिले. "बाई, आमच्या घरातली गोष्ट बाजारात मांडलीसा तुमी. माफी मागा."

बाहेर वळवाचे चार थेंब पत्र्यावर वाजले.

"काका," मी म्हणाले. "मी तुमचं घर पाहिलेलं नाही. ही गोष्ट आमचीच, असं मला चार घरांनी सांगितलं. तुमच्या आजीसाहेबांची मला गोष्ट ठाऊक असती, तर मी आधी तुमच्या पाया पडायला आले असते. पण चूक बाईची होती असं मी लिहिणार नाही. माझ्यावर कितीही रागवा."

बाळासो उभेच राहिले. मागून कुणीतरी "बसा, बसा" म्हणालं, तरी बसले नाहीत. पूजानं घाबरून डबा माझ्यापुढं धरला, आणि मी एक चिठ्ठी काढली.

लाल पेन्सिलीचं अक्षर.

'दोघांपैकी आधी कुणी यायला पाहिजे होतं? — नदीपल्याडचा वाचक.'

मी सभागृहाच्या शेवटच्या रांगेकडं पाहिलं. खांबाआड, भिंतीला टेकून, हातात तेच पुस्तक घेऊन तो उभा होता. आला होता तर! पण खांबापर्यंतच आला होता. पुढची पावलं माझ्यासाठी राखून ठेवली होती पठ्ठ्यानं.

राग आला. रडूही आलं. मनात म्हटलं, बस तिथंच, मी नाही येणार! आणि त्याच क्षणी हरणाबाईंचा आवाज कानात आला. पर बसून ऱ्हायली नसती.

"याचं उत्तर मला आजवर येत नव्हतं," मी माइकमध्ये म्हणाले. "मला वाटायचं, ज्याचं चुकलं त्यानं यावं. आता वाटतं, ज्याला जास्त आठवण येते त्यानं निघावं. आणि... मला फार आठवण येते."

माइक ठेवला आणि मी पायऱ्या उतरले. माणसं माना वळवून बघत होती. बाळासोंच्या खुर्चीपाशी पोचले, तर खांबाकडून राजवर्धन जवळजवळ पळतच आला. आम्ही दोघं त्यांच्या अगदी समोर येऊन थांबलो.

"मला वाटलं, तुमी येणार न्हाई," तो म्हणाला. त्याचे डोळे लाल होते. या खेपेला म्हैस नव्हती.

"मलाही वाटलं, तुम्ही येणार नाही."

"शिवांजली, मला तू पाहिजेस. उद्या तुझ्या बाबांकडं येतो. चहा न्हाई मिळाला तरी येतो."

बाळासो एकदा त्याच्याकडं बघत होते, एकदा माझ्याकडं. मग धपकन खुर्चीत बसले. फेटा काढून मांडीवर ठेवला, आणि फक्त आम्हालाच ऐकू येईल असं बोलले. "आजीसाहेब रोज सांजच्याला माहेरच्या घाटावर येऊन बसायच्या, म्हणं. आमचे आजोबा नदीच्या अल्याडनं बघायचे. कुणीच उठलं न्हाई रं..." त्यांनी नाक पुसलं. "उद्या मीबी येतो कराडला. तुज्या बाबास्नी म्हणावं, चहा टाका."

मी राजवर्धनपुढं हात केला. "पेन्सिल द्या."

त्यानं खिशातली लाल पेन्सिल दिली. मी त्याच्या हातातलं पुस्तक घेतलं आणि शेवटचं पान उघडलं. चारदा वाचून कोपरे मऊ झाले होते. तो शब्द मात्र त्यानं खोडला नव्हता, माझ्यासाठी ठेवला होता. बाकीच्या सगळ्या प्रतींत तो तसाच राहील, कारण मैनाराजेंसाठी खरंच कुणी आलं नव्हतं. पण या एका प्रतीत मी शेवटच्या ओळीतल्या 'नाही'वर सरळ रेघ ओढली, आणि पुस्तक त्याच्या हातात परत दिलं.

त्यानं वाचलं. "मूळ आलं."